योगेंद्रची घागर

१

प्रतिभा पुण्याहून आली तेव्हा तिच्या गाडीत सुटकेस भरभरून लेन्सेस होत्या आणि ट्रायपॉड एकही धड नव्हता. म्हणून ती माझ्याकडे आली. शहाद्याला बसस्टँडसमोर माझा स्टुडिओ आहे. लग्न, हळद, साखरपुडा, वास्तुशांत, म्हणाल त्याचं शूटिंग करतो. तिने आधी माझा ट्रायपॉड भाड्याने घेतला, मग आवाज रेकॉर्ड करायला मला घेतलं, आणि आठवडा उलटायच्या आत माझी माय घेतली.

तिच्या पिक्चरची तऱ्हा मला आधी कळलीच नाही. धड डॉक्युमेंटरी नाही आणि धड गोष्टही नाही. माणसं खरी, घर खरं, चुलीवरची भाकरी खरी, आणि मध्येच एक साफ खोटी गोष्ट. ती मात्र खऱ्याच माणसाने खऱ्या आवाजात सांगायची. "बघणाऱ्याला सांधा दिसता कामा नये, हेमकांत," ती म्हणायची. असल्या पिक्चरला बाहेरच्या देशात बक्षिसं मिळतात म्हणे. मी म्हटलं, आमच्याकडे स्थळ दाखवताना सगळे हेच करतात, आम्हाला कुणी नारळसुद्धा देत नाही. ती हसली. बाईची एक खोड होती. हसतानासुद्धा ती माणसाकडे बघत नसे, त्याच्या मागे पडलेल्या उजेडाकडे बघे.

आमचं गाव प्रकाशा गावाच्या पुढे, तापीच्या काठाला. केळीची बाग, मागच्या दाराला गोठा, आणि घरात आम्ही दोघंच, मी आणि माय. मायचं नाव सरलाबाई. नाना, म्हणजे माझा बाप गिरधर, मी कॉलेजात असताना गेला. मी एकुलता एक. पस्तिशी आली तरी लग्न नाही, कारण शेतकऱ्याला मुली देत नाहीत आणि शूटिंगवाल्याला तर दारातही उभं करत नाहीत. तेव्हा घर म्हणजे माय. जेवायला हाक मारणारं जगात तेवढं एकच माणूस, आणि खरं सांगतो, मला ते कधी कमी वाटलं नाही.

प्रतिभाला आखाजीची घागर शूट करायची होती. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आमच्याकडे घरातल्या गेलेल्या माणसांसाठी नवी मातीची घागर पाण्याने भरतात, वर डांगर म्हणजे खरबूज ठेवतात. सकाळी उंबरठ्यावर एकेकाचं नाव घ्यायचं आणि कुंकवाचं एकेक बोट ओढायचं. ज्याचं नाव घेतलं तो येऊन पाणी पितो. दिवस फेब्रुवारीचे होते आणि आखाजी लांब होती, पण तारखेशी प्रतिभाला काही घेणंदेणं नव्हतं. शिवाय तिला त्यात आणखी एक नाव हवं होतं.

"काकूंना एक मुलगा होता आणि तो गेला," ती म्हणाली. "एवढंच खोटं. बाकी सगळं खरं."

मायने हातातलं सूप खाली ठेवलं. "मी मन्हा जित्ता आंडोरनं नाव उंबरठावर लेवाव नही." आंडोर म्हणजे मुलगा, आणि जित्ता तो मी.

"ह्याचं नाहीच. ह्याच्याहून मोठा होता असं समजा. नसलेला."

नाव मीच सुचवलं. योगेंद्र. भाऊबंदात, गल्लीत, मामाच्या गावी, कुठेच हे नाव नाही म्हणून. माझ्या डोक्याप्रमाणे मी फार शहाणपणाचं काम केलं होतं. मायने सूप पुन्हा हातात घेतलं.

"हाई नाव आपलामा कोनंच नही?"

"कोनंच नही, माय."

"मंग पानी कोन पिई?"

"कॅमेरा पिई," मी म्हटलं. प्रतिभाचा कॅमेरामन भाग्येश हसला. माय हसली नाही.

२

सकाळी शूटिंग झालं. टोकाला माइक लावलेली बूमची काठी धरून मी कोपऱ्यात उभा, कानाला हेडफोन. माय उंबरठ्याशी वाकली. सासऱ्याचं नाव घेतलं, बोट ओढलं. सासूचं घेतलं. नानाचं नाव घेताना तिचा आवाज थोडा बसला, तो दरवर्षीच बसतो. मग ती थांबली. कुंकवाचं बोट हवेतच होतं. मला वाटलं, विसरली.

"योगेंद्र," माय म्हणाली, आणि चौथं बोट ओढलं.

घागर भरून मधल्या खोलीत ठेवली. मग प्रतिभाने सगळ्यांना बाहेर काढलं. असल्या पिक्चरमध्ये रिकाम्या खोलीचाही आवाज घेतात. माणसं गप्प, पंखा बंद, आणि खोली नुसती ऐकायची. मी दारातून काठी आत धरली, माइक घागरीवर. लांबचा ट्रॅक्टर ऐकू येत होता. छताच्या पत्र्याला ऊन लागून तो कुरकुरत होता. मग घागरीतून घुटका घेतल्याचा आवाज आला.

नवी माती पाणी पिते, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. भरली की बुडबुडे येतात, सूं आवाज येतो. मीही मनात तेच म्हटलं. पण एकामागून एक घुटके ऐकू आले, आणि शेवटी पोटभर पाणी पिऊन झाल्यावर माणूस जसा श्वास सोडतो तसा श्वास. आत जाऊन पाहिलं. पाणी वीतभर खाली गेलेलं, खालची जमीन कोरडी. नवं मडकं पितंच, मी मोठ्याने म्हटलं. कुणाला म्हटलं कोण जाणे, खोलीत मीच होतो.

प्रतिभाला ऐकवलं. तिने डोळे मिटून ऐकलं आणि म्हणाली, "हा आवाज साफ करू नकोस. असाच ठेव."

शूटिंग संपल्यावर मी मायला सांगितलं, आता ती घागर केळीला ओतून टाक.

"भरेल घागर कोनी वतस का?" माय म्हणाली, आणि तिने वर पुन्हा पाणी घातलं.

३

नंतर मुलाखती सुरू झाल्या. मायला खोटं बोलता येत नाही. म्हणजे येतं, पण दूधवाल्याशी आणि नणंदेशी. कॅमेऱ्यापुढे बसवून प्रतिभा विचारायची, "योगेंद्र कसा होता?" आणि माय म्हणायची, "चांगला व्हता." संपलं. पुढे शब्द नाही.

प्रतिभा मला मागच्या दारी घेऊन गेली. "तुझ्या लहानपणातलं काहीतरी दे ना तिला सांगायला. तू तरी कुठे वापरतोयस ते?"

मला राग यायला हवा होता. उलट मौज वाटली. माझं लहानपण शूट करण्याच्या लायकीचं आहे असं आजवर कुणाला वाटलं नव्हतं. मी भडाभडा सांगत सुटलो. झोपताना मी मायच्या पदराचं टोक अंगठ्याला गुंडाळून घेई. थ्रेशरच्या आवाजाला भिऊन कणगीमागे लपलो, तर सगळं गाव विहिरी धुंडाळत फिरलं. केळीच्या ट्रॉलीवरून पडून गुडघा फुटला आणि माय मला काखेत मारून डॉक्टरकडे पळाली, चप्पल न घालता. खिचडी केली की पातेल्याच्या तळाची करपलेली खरवड मलाच लागे.

पहिल्या टेकला माय अडखळली. "हेमूले... आपलं ते, योगेंद्रले..." आणि तोंडाला पदर लावून हसली. मीही हसलो. "परत," प्रतिभा म्हणाली. "पहिल्यापासून." असं किती वेळा म्हणाली याला सुमार नाही. बाई आवाज चढवत नसे, रागावत नसे, नुसतं "परत" म्हणे. दुपारपर्यंत मायचं अडखळणं गेलं. त्यानंतर तिचं हसूही गेलं, आणि ऊन कलताना ट्रॉलीची गोष्ट सांगता सांगता माय रडायला लागली. मी काठी खाली केली. प्रतिभाने मला हाताने खूण केली की वर धर, आणि भाग्येशला सांगितलं की जवळ जा.

जेवायला खिचडी होती. मी म्हटलं, माय, खरवड दे.

"ती योगेंद्रले आवडस," माय म्हणाली. तिने पातेलं खरवडलं, वाटीत घातलं आणि वाटी मधल्या खोलीत नेऊन ठेवली.

"माय, कट व्हई गया. आते बस कर."

तिने मागे वळून पाहिलं नाही. सकाळी वाटी धुऊन पालथी घातलेली होती. मायनेच धुतली असणार, दुसरं कोण धुणार?

४

थकली आहे, असं मी धरून चाललो. दिवसभर तेच तेच बोलायला लावलं तर पोपटही चुकेल. पण एकदा न्हाणीतून बाहेर आलो आणि मायने माझा गुडघा पाहिला.

"तुले कव्हय लागं रे हाई?"

मी म्हटलं, माय, ट्रॉली. तिने मान हलवली, चुकीचा पत्ता विचारणाऱ्याला हलवतात तशी. "ट्रॉलीवरथून योगेंद्र पडना व्हता."

तिला नंदुरबारला डॉक्टरकडे नेलं. डॉक्टरने तिला तारीख विचारली, वार विचारला, वजाबाकी घातली. मायने त्याचीच वजाबाकी दुरुस्त केली. "आईंची तब्येत तुमच्यापेक्षा चांगली आहे," तो म्हणाला. आणि खरंच, तिला सगळं आठवत होतं. नानाची दवा, म्हशींची नावं, नणंदेने कुठल्या लग्नात कसला टोमणा मारला ते. मीही आठवत होतो. हेमकांत, आपला आंडोर, शूटिंग करतो. तलाठ्याचं नाव आठवावं तसा आठवत होतो. त्या नावामागे काहीच नव्हतं.

शेजारची भिकुबाई ओट्यावर बसून म्हणाली, "मोठा गुणी व्हता तुन्हा भाऊ." मी तिच्यावर असा खेकसलो की ती पाट घेऊन उठली. मग स्वतःची समजूत घातली की ही बाई रोज शूटिंग बघायला बसते, गावाला काय, जे पाहिलं ते बोलतात.

बागेत बसून नीट विचार केला तेव्हा हिशेब लागला. जे जे मी कॅमेऱ्यासाठी दिलं होतं, तेच गेलं होतं. जे दिलं नव्हतं, ते असायला हवं होतं. आणि एक गोष्ट मी कुणालाच दिली नव्हती.

नाना गेला त्या दिवशी माय दिवसभर रडली नाही. नदीवरून सगळे परत आले, पाहुणे ओट्यावर बसले, आणि माय गोठ्यात जाऊन म्हशीजवळ खाली बसली. मी मागोमाग गेलो. तेव्हा ती मला एक वाक्य बोलली. ते मी कुणाला सांगितलेलं नाही, सांगण्यासारखं नाहीच ते.

दुसऱ्या दिवशी शूटिंगच्या तयारीत मी तिच्या पदराला छोटा माइक लावत होतो. तसाच तिच्यासमोर बसलो. म्हटलं, "माय, नाना गया त्या दिन गोठामा तू माले काय सांगं व्हतं?"

तिने माझ्याकडे पाहिलं. कितीतरी दिवसांनी पाहिलं. तिचा खरबरीत हात माझ्या गालाला लागला.

"आते तूच मन्ही माय, तूच मन्हा बाप," ती म्हणाली. "कसाले काढस रे ते?"

मी बागेत जाऊन रडलो, लाज कसली सांगायला. वाचलो असं वाटलं.

५

मी प्रतिभाला सांगितलं, पिक्चर बंद कर. का ते सगळं सांगितलं, घागरीच्या आवाजापासून गुडघ्यापर्यंत. मला वाटलं, हसेल. ती हसली नाही. लग्नात नवरी रडायला लागली की आम्ही शूटिंगवाले जसे सावध होतो, तशी ती सावध झाली.

"म्हणजे होतंय," ती म्हणाली. मग तिने विचारलं, "तुझ्याकडे अजून काय राहिलंय?"

"तुला द्यायला काही नाही."

दुसऱ्या दिवशी अक्कलकुव्याजवळ खापरला माझी लग्नाची ऑर्डर होती, टाळता येण्यासारखी नव्हती. मायला ताकीद दिली की मी नसताना कॅमेऱ्यापुढे बसू नकोस. तिने हो म्हटलं. लग्नात नवरदेवाची माय त्याच्या तोंडात जिलेबी कोंबत होती, ते शूट करताना माझं चित्त उडालं. जेवणं व्हायच्या आत मी हाताखालच्या पोऱ्याकडे कॅमेरा दिला आणि मोटरसायकल काढली.

घरी आलो तर ओटा रिकामा. माणसं गोठ्यात होती.

माय म्हशीजवळ खाली बसली होती, त्याच जागी. भाग्येशचा कॅमेरा तिच्या तोंडापाशी. प्रतिभा उकिडवी बसून हळू आवाजात विचारत होती, "नाना गेले त्या दिवशी योगेंद्र कुठे होता?"

तिला गोठ्याचं कुणी सांगितलं, हा प्रश्न मला पडला आणि त्याच क्षणी उत्तरही मिळालं. मी ते विचारलं तेव्हा मायच्या पदराला माइक होता. मीच लावला होता, चालू करून. मी विचारलेलं आणि मायने सांगितलेलं, सगळं प्रतिभाच्या कानात गेलं होतं. लग्नात करवल्यांच्या कुजबुजी अशाच सापडतात आणि आम्ही त्यावर हसतो.

"मन्हाजोडे व्हता," माय म्हणाली. "आठेच. मी त्याले सांगं..."

"माय, नको बोलू."

"...आते तूच मन्ही माय, तूच मन्हा बाप."

६

मी कॅमेऱ्याला लाथ घातली असती, पण माय मध्ये होती. तिच्यासमोर गुडघ्यावर बसलो, तिचे दोन्ही हात धरले.

"माय, योगेंद्र नावनं कोनीच नही. नाव मी सांगं व्हतं, मी. ट्रॉलीवरथून मी पडनू. तुन्हा पदर मी धरू. तुले एकच आंडोर शे. मन्हाकडे देख."

तिने पाहिलं. पण गालाला हात लावला तेव्हासारखं नाही. तिने आपले हात माझ्या हातातून सोडवले, एकेक बोट करून. उठली, मागे सरकली, म्हशीच्या खुंट्याला टेकली. माझी माय मला भ्याली होती. आख्ख्या जन्मात एवढं वाईट मला कशाचं वाटलं नाही.

"ताई, हाऊ असा कसाले करस?" तिने प्रतिभाला विचारलं. मग घराकडे तोंड करून तिने हाक मारली. घाबरलेलं माणूस घरातल्या कर्त्याला मारतं तशी. "योगेंद्र..."

"उनू, माय."

आलो म्हणणारा हा आवाज मधल्या खोलीतून आला. मी हेडफोन लावलेला नव्हता. मला भास झाला असेल, बाहेर कुणी बोललं असेल, हे सगळं मी नंतर स्वतःला सांगून पाहिलं. पण भाग्येशनेही कॅमेऱ्यातून डोकं काढून तिकडे पाहिलं होतं, आणि म्हशीनेही.

गोठ्यातून मागच्या दारातून मधली खोली दिसते. आत अंधारलेलं होतं. घागरीशी कुणीतरी पाठमोरं बसलं होतं, दोन्ही हातांनी तिचा काठ तोंडाशी धरून. पाठ रुंद, कामाची. मानेवरचे केस ओले होऊन चिकटले होते. त्याने घागर खाली ठेवली, मनगटाने तोंड पुसलं आणि उठायला एक हात जमिनीला टेकला. तो वळू नये, एवढंच माझ्या मनात आलं. त्याचं तोंड मला बघायचं नव्हतं.

माय माझ्या बाजूने आत गेली. आतून दार लागलं, कडी घातली गेली.

"मिळालं?" प्रतिभाने विचारलं. भाग्येशने हो म्हणून मान हलवली. त्याचा चेहरा पांढरा पडला होता.

७

त्यानंतर मी स्टुडिओत राहिलो. घरी गेलो की दार लागलेलं, आणि हाक मारली की आत बोलणं थांबे. शेवटी प्रतिभाचाच फोन आला. शेवटचा दिवस आहे, आवाजाला माणूस हवा, येतोस का? शिव्या जिभेवर आल्या होत्या. पण त्या घरात पाऊल टाकायचा दुसरा रस्ता मला उरला नव्हता. गेलो.

माय ओट्यावर शेंगा फोडत होती. अंगावर नवं लुगडं, चेहऱ्यावर तेज. इतकी बरी मी तिला नाना गेल्यापासून पाहिली नव्हती. आत कुणीतरी भांडी हलवत होतं. मी तिकडे पाहिलं नाही. हेडफोन लावले आणि काठी धरून ओट्याच्या खाली उभा राहिलो.

टेक झाला. माय प्रतिभाकडे वाकली आणि कुजबुजली. पदराला माइक होता, मला सगळं कानात ऐकू आलं.

"ताई, हाऊ शूटिंगवाला पोऱ्याले माय शे का?"

प्रतिभाने माझ्याकडे पाहिलं. मागच्या उजेडाकडे नाही, सरळ माझ्याकडे. मी मान हलवून नको नको म्हणत होतो. भाग्येशचा कॅमेरा तिच्या खांद्यावरून माझ्यावर होता, आणि लाल दिवा चालू होता.

"नाही, काकू," ती म्हणाली. "त्याचं कुणी नाही."

"अरे राम. मंग जेवाडीसनी धाडू त्याले."

ताट तिनेच आणलं, पाहुण्यांचं, काठाचं. कळण्याची भाकरी, भरीत, वर कच्चं तेल. ते खाली ठेवताना तिने डोक्यावरून पदर ओढून घेतला, परक्या माणसापुढे ओढतात तसा. मी बसलो. घास घेतला. चव तीच होती.

ती खांबाला टेकून उभी राहिली, काही लागतं का बघत. हाताच्या अंतरावर होती. मी तोंड उघडलं. माय म्हटलं असतं तर पुढे काय, ते मी गोठ्यात पाहिलं होतं. ती मागे सरकली असती, आत हाक गेली असती आणि दार लागलं असतं. आत्ता ती उभी होती आणि मी जेवतोय की नाही ते बघत होती.

"भाऊ, तुम्ही कोन्ता गावना?" तिने विचारलं.

"खापरना," मी म्हटलं, आणि आणखी एक भाकरी मागितली.